भडक्याआधीचा तास

घरातील ताणतणाव हा कथा-कादंबरीकारांचा फार जुना विषय आहे, आणि सासू-सून, नवरा-बायको, थोरली पाती-धाकटी पाती अशी त्यातील पात्रेही ठरून गेलेली आहेत. परंतु जिथे दुसरे कोणी माणूस नाही, कोणी कोणाला टाकून बोलत नाही, कोणी कोणावर हात उगारीत नाही, अशा एका स्वयंपाकघरात एकट्या मुलीला तेरा मिनिटे उभी करून त्या साऱ्या विषयाचा गाभा जिने पडद्यावर आणला, ती शांताल आकेरमन त्या वेळी अवघी अठरा वर्षांची होती. चित्रपटाचे नाव ‘सोत मा व्हील’, म्हणजे ‘उडून जा, माझ्या शहरा’. साल १९६८, शहर ब्रसेल्स. चित्रपट कृष्णधवल, आणि त्यातील एकमेव पात्र ती स्वतःच. पंधराव्या वर्षी फ्रेंच दिग्दर्शक गोदारचा ‘पिएरो ल फू’ पाहून तिने चित्रपट करायचे ठरविले, चित्रपटविद्यालयात नाव घातले, काही महिन्यांतच ते सोडून दिले, आणि अँटवर्पच्या हिरेबाजारात आपल्या भावी चित्रपटाचे लहान लहान हिस्से विकून भांडवल उभे केले. पुढे प्रयोगशाळेचे बिल चुकते करता न आल्यामुळे तयार झालेला हा लघुपट काही काळ तिथेच पडून होता. १९७१ साली तो बेल्जियमच्या दूरचित्रवाणीवर दिसला, आणि मग जगाला त्याची ओळख झाली.

युरोपात ज्याला प्रायोगिक चित्रपट म्हणतात त्याच्याशी माझ्यासारख्या महसूल खात्यात हयात घालविलेल्या बाईचा संबंध यावा, हे वरकरणी विजोड दिसेल. पण या तेरा मिनिटांनी माझी आयुष्यभर सोबत केली आहे. आणि माझ्या नोकरीने, माझ्या माहेराने आणि माझ्या संसाराने मला जे शिकविले, ते एकत्र करून दाखविणारी दुसरी कलाकृती मला आजवर भेटलेली नाही. म्हणून हे लिहीत आहे.

चित्रपटात घडते ते थोडके आहे. उंच उंच इमारतींच्या वस्तीत एक मुलगी हातात फुले घेऊन घाईघाईने घरी येते. लिफ्टची वाट पाहण्याइतका धीर तिला नाही, म्हणून ती जिन्याने धावत वर जाते, आणि ती लिफ्टशी शर्यत लावीत असल्यासारखे आपल्याला वाटते. सबंध चित्रपटभर तिचे गुणगुणणे ऐकू येते. त्याला शब्द नाहीत, धड चाल नाही. कधी ते गाणे वाटते, कधी धाप लागलेल्या माणसाचे पुटपुटणे. ते तिच्या ओठांच्या हालचालींशी जुळत नाही, मागाहून जोडलेले आहे, आणि ही गोष्ट लपविण्याचा काडीइतकाही यत्न केलेला नाही. त्यामुळे होते काय, की काम करणारी मुलगी एक आणि तिच्या आत गुणगुणणारी दुसरी, अशी दोन माणसे त्या एका देहात वावरत आहेत असा भास आरंभापासून होत राहतो.

ती स्वयंपाकघरात शिरते, शेवया उकळते, खाते. मध्येच दाराच्या फटी चिकटपट्टीने बुजवू लागते. मांजराला बाहेर घालविते. मग आवरायला घेते. कपाटातील भांडीकुंडी भराभर जमिनीवर येतात, त्यांवर पाणी, पाण्यावर साबण. फरशी पुसायची तर आधी ती घाण केली पाहिजे, असा काही उलटा न्याय तिथे चालू होतो, आणि तरीही तिच्या हातांना त्या कामाचे वळण इतके पक्के आहे, की क्षणभर हे सगळे रीतसरच चालले आहे असे वाटावे. यानंतर ती बुटांना पॉलिश करायला बसते. ब्रश बुटावर फिरतो आहे, फिरता फिरता बुटाची हद्द ओलांडून पायावर चढतो. ती थांबत नाही, चुकले असे तिच्या चेहऱ्यावर उमटत नाही, त्याच गतीने आणि तितक्याच मन लावून ती आपल्या नडगीला काळे पॉलिश करू लागते. ब्रश चामड्यावरून कातडीवर कोणत्या क्षणी गेला, हे नीट पाहून ठेवावे असे मी पुढे ज्यांना ज्यांना हा चित्रपट दाखविला त्यांना सांगत आले आहे, कारण चित्रपटाचे सारे म्हणणे मला त्या ठिकाणी एकवटलेले वाटते. काम वस्तूवरून माणसावर चढते. आणि ज्याच्यावर ते चढते त्याला ते कळण्याची सोय त्या कामातच ठेवलेली नसते.

शेवटी ती आरशासमोर चेहऱ्याला क्रीम फासते, कागद पेटविते, फुले हातात घेऊन शेगडीवर ओणवी होते, आणि पडदा काळा होतो. स्फोटाचे आवाज येतात. पडद्यावर काहीही नाही. आणि त्या काळोखातून तेच गुणगुणणे पुन्हा वर येते.

हा चित्रपट मी प्रथम पाहिला तो पुण्यातील एका फिल्म सोसायटीच्या खेळात. त्या काळी अशा संस्थांना परदेशी वकिलातींकडून चित्रपटांची रिळे मिळत. भाड्याच्या सभागृहात, लाकडी घडीच्या खुर्च्यांवर बसून, ज्यांची नावे उच्चारताना जीभ अडखळे अशा दिग्दर्शकांची कामे पाहण्याचा आम्हा सभासदांना मोठा उत्साह असे. जिन्यावरच्या त्या धावपळीला सभागृह मोकळेपणाने हसले, आणि ते हसणे योग्यच होते, कारण चित्रपटाचा पूर्वार्ध विदूषकी चालीनेच जातो. पायाला पॉलिश चढले तेव्हाही काही जण हसले. काळ्या पडद्यानंतर मात्र बराच वेळ कोणी बोलले नाही. आणि नंतरच्या चर्चेत एका ज्येष्ठ सभासदाने हा पोरवयातील धुडगूस आहे, यात कथानक नाही आणि कारणही नाही, असा निकाल दिला. मुलीला दुःख कसले, हे दिग्दर्शिकेने सांगायला हवे होते, असे त्यांचे म्हणणे होते. मी त्या चर्चेत बोलले नाही. माझे लक्ष दुसऱ्याच दोन स्वयंपाकघरांत गुंतले होते.

त्यातील पहिले माझ्या आईचे. कृष्णाकाठच्या एका कसब्यात आमचे एकत्र कुटुंब होते. आजी, दोन काकू, आई आणि आम्ही मुले. आमच्या घरात भांडण झालेले मी पाहिले नाही, आणि आमच्या घराण्याच्या लौकिकाचा तो एक मोठा भाग होता. आईने आजीला उलट उत्तर दिल्याचे कोणाला आठवत नाही. परंतु स्वयंपाकघराला स्वतःची एक बोली असते आणि घरातील मुलांना ती अक्षरओळखीच्या आधी कळू लागते. तांब्या फरशीवर ठेवला की टेकवला, सुपातील तांदूळ सावकाश पाखडले जात आहेत की तडातड, फडताळाचे दार लागले की लावले, यावरून त्या दिवशी शाळेच्या सहलीचे पैसे मागावेत की नाही हे आम्ही ठरवीत असू. आणि या सर्वांहून खात्रीची खूण म्हणजे आईचे गुणगुणणे. आई खुशीत असली की शब्दांसकट ओव्या म्हणे. पण मनात काही दाटून आले की शब्द गळून पडत आणि नुसता सूर राही, तोही एकाच ठिकाणी फिरणारा. तो सूर ऐकू आला की आम्ही मुले चुलीपाशी फिरकत नसू. आजी मात्र दारी आलेल्या बायांना कौतुकाने सांगे, “आमच्या सूनबाईचा गळा गोड आहे हो, कामातसुद्धा गाणं चालूच असतं.” आजी दुष्ट नव्हती. तिने जे ऐकले ते गाणेच होते. आम्ही जे ऐकत होतो ते तिलाही तिच्या सासुरवासाच्या काळी ऐकू येत असणार, पण सासूपणाच्या वर्षांत ती ते विसरून गेली असावी.

शांताल आकेरमनच्या गुणगुणण्याने त्या सभागृहात माझ्या अंगावर काटा आला तो या कारणाने. ब्रसेल्सची ती मुलगी आणि माझी आई यांच्यात वय, भाषा, धर्म, काळ यांपैकी एकही गोष्ट समान नाही. समान आहे तो केवळ बिनशब्दांचा सूर आणि तो सूर चालू असताना न थांबणारे हात.

दुसरे स्वयंपाकघर मला सरकारी नोकरीने दाखविले. विवाहित स्त्रियांच्या जळून मरण्याच्या बातम्या त्या काळी वर्तमानपत्रांत इतक्या नित्याच्या झाल्या होत्या, की ‘स्टोव्हचा भडका उडून’ हे शब्द छापखान्यात जुळवून ठेवलेले असावेत असे वाटे. त्याविरुद्ध बायका रस्त्यावर आल्या. १९७५ साली मुंबईत स्त्रीमुक्ती संघटना उभी राहिली, ज्योती म्हापसेकरांच्या ‘मुलगी झाली हो’ या नाटकाचे प्रयोग १९८३ पासून गावोगाव होऊ लागले. आणि त्याच १९८३ साली भारतीय दंडसंहितेत ४९८ अ हे कलम दाखल होऊन पती व सासरच्या नातेवाइकांकडून होणारी क्रूरता हा गुन्हा ठरला. त्याच कायद्याने फौजदारी प्रक्रिया संहितेतही दुरुस्ती झाली, आणि लग्नाला सात वर्षे पुरी होण्याच्या आत स्त्रीचा संशयास्पद मृत्यू झाल्यास त्याचा तपास केवळ पोलिसांवर न सोडता कार्यकारी दंडाधिकाऱ्याकडून मरणोत्तर चौकशी होऊ लागली. १९८६ मध्ये ३०४ ब हे हुंडाबळीचे कलम आले. तालुक्यात कार्यकारी दंडाधिकारी म्हणजे तहसीलदार किंवा नायब तहसीलदार. त्यांच्याबरोबर दप्तर घेऊन जाणारा कारकून. आणि आमच्या तालुक्याच्या कचेरीत, मयत बाई असल्यास बाईमाणूस बरोबर असावे म्हणून, बहुधा मी.

पंचनामा लिहिणे हे एक शास्त्र आहे. खोलीची लांबी-रुंदी, दाराची दिशा, खिडकीला गज आहेत की नाहीत, दिव्याची जागा, वस्तू जिथे आहे तिथे, जशी आहे तशी. पंचांनी पाहिले तेवढेच लिहावयाचे, तर्क करावयाचा नाही, विशेषण घालावयाचे नाही. एका घरातील पंचनामा माझ्या स्मरणातून पुसला जात नाही. पितळी पंपाचा स्टोव्ह उभा होता, टाकी शाबूत होती आणि तिच्यात रॉकेल होते. म्हणजे स्टोव्ह फुटला नव्हता, हे कोणालाही कळत होते. काडेपेटी फडताळात, वरच्या खणात. भिंतीचा काळवंडलेला भाग मोजून घेतला. आणि ओट्याच्या कोपऱ्यात परातीत कणीक मळून ठेवलेली होती, तिच्यावर ओले फडके नीट चारी बाजूंनी खोचलेले होते. मी नायब तहसीलदारांना विचारले, “साहेब, कणीक लिहू का?” ते वयस्कर, सावकाश बोलणारे गृहस्थ होते. परातीकडे बराच वेळ पाहून म्हणाले, “लिहा बाई. फडक्यासकट लिहा.” मी लिहिले. मग जबाब सुरू झाले. सासरची माणसे म्हणाली, काही वाद नव्हता. शेजारीण प्रथम काही बोलेना, मग पदर सावरीत म्हणाली, “आता बाई, घर म्हटलं की भांड्याला भांडं लागायचंच.” तेही मी लिहिले.

त्या खटल्याचे पुढे काय झाले ते सांगण्याचे हे स्थळ नव्हे. मला सांगायचे आहे ते त्या कागदाविषयी. कायद्याचे दप्तर नेहमी शेवटापासून उघडते. भडका उडाला म्हणून पंचनामा, पंचनामा झाला म्हणून जबाब, आणि जबाबांतून मागे मागे जात कारणाचा शोध. तो शोध आवश्यकच आहे, आणि त्या कलमांनी कित्येक बायकांना आधार दिला आहे हे मी डोळ्यांनी पाहिले आहे. पण कागदावर कणीक येते, कणीक मळण्याचा तास येत नाही. फडके येते, ते चारी बाजूंनी खोचताना त्या बाईच्या मनात संध्याकाळच्या पोळ्या होत्या की दुसरे काही, ते येत नाही. आणि मुख्य म्हणजे त्याआधीचे शेकडो तास, ज्यांत काहीच घडले नाही, कोणी मारले नाही, शिवी दिली नाही, जे कोणत्याही फिर्यादीत दाखल होऊ शकत नाहीत, ते सगळे ‘भांड्याला भांडे’ या एका म्हणीखाली गाडले जातात. ब्रसेल्सच्या त्या अठरा वर्षांच्या मुलीने नेमके याच्या उलट केले. जो क्षण आपली वर्तमानपत्रे मथळ्यात छापीत होती आणि ज्या क्षणापासून माझी लेखणी चालू होई, तो तिने काळ्या पडद्याआड टाकला. आणि जो तास कोणाच्याच दप्तरी नसतो तो लख्ख उजेडात, भांड्यांच्या आवाजासकट, पडद्यावर मांडला. त्या ज्येष्ठ सभासदांना त्यात कारण दिसले नाही. मला त्यात कारणाखेरीज दुसरे काहीच दिसले नाही.

इथे एक भेद स्पष्ट केला पाहिजे. पडद्यावरची मुलगी स्वतःच्या मर्जीने त्या खोलीत शिरलेली आहे, तिचा शेवट तिचाच आहे, आणि तो खोट्या स्फोटाचा, सिनेमातला शेवट आहे. आमच्या तालुक्यातील बायांपैकी कोणाचा शेवट कोणी केला, हे ठरविण्याकरिता न्यायासन बसत असे. या दोन गोष्टी एका मापाने मोजणे हा त्या मृत स्त्रियांवर अन्याय होईल. मी तुलना करते ती शेवटाची नव्हे, त्याआधीच्या तासाची. तो तास मात्र दोन्हीकडे सारखा होता: एक खोली, एक माणूस, आणि संपले असे कधीच म्हणता न येणारे काम.

यथावकाश माझा स्वतःचा संसार मध्यावर आला. यजमान शांत स्वभावाचे, मुले गुणी, घरात कशाची ददात नाही; लोक ज्याला चांगला संसार म्हणतात तसा तो होता आणि आजही मी त्याला चांगलाच म्हणते. कचेरीतून आल्यावर रात्री ओटा घासताना एखादे दिवशी माझ्या ध्यानी येई, की ओटा केव्हाच स्वच्छ झालेला आहे आणि हात चालूच आहे. अशा वेळी मला ती ब्रशवाली मुलगी आठवे, आणि मी हात थांबवून बाहेर येऊन बसे. यजमान विचारीत, “झालं का सगळं?” मी म्हणे, “नाही झालं, पण आता राहू दे.” पुढे ते न विचारताच उठू लागले आणि राहिलेले ते करू लागले. एका चित्रपटाने आमच्या घरात केलेला हा बदल लहान आहे, परंतु तो टिकला.

मुलगी शिक्षणाकरिता परदेशी गेली, आणि तिने मला आकेरमनच्या ‘ज्यान डीलमान’ची तबकडी पाठविली, तिच्यात जोड म्हणून ‘सोत मा व्हील’ही होता. ‘ज्यान डीलमान’ १९७५ सालचा, दोनशेएक मिनिटांचा. आकेरमनच्या वयाच्या पंचविसाव्या वर्षी केलेला, डेल्फीन सेरिगसारखी थोर अभिनेत्री, बाबेत मांगोल्तचे छायाचित्रण आणि बहुतांशी स्त्रियांचाच तंत्रज्ञवर्ग. विधवा स्त्री, शाळकरी मुलगा, ब्रसेल्समधील बिऱ्हाड; भांडी, बिछाना, बटाटे, आणि दुपारी तिच्या चरितार्थासाठी घरी येणारा एखादा पुरुष, हा तीन दिवसांचा क्रम. कॅमेरा हलत नाही, बटाटे सोलण्यास जेवढा वेळ लागतो तेवढा वेळ ते सोललेले आपल्याला पाहावे लागतात. पहिल्या दिवशी सगळे बिनचूक. दुसऱ्या दिवशी बटाटे अधिक शिजतात, आणि त्या क्षुल्लक चुकीने आपल्या काळजाचा ठोका चुकतो. तिसऱ्या दिवशी हातात कात्री येते. हा चित्रपट २०२२ मध्ये ‘साइट अँड साउंड’ या ब्रिटिश मासिकाच्या दशवार्षिक मतदानात सर्वकाळातील श्रेष्ठ चित्रपट म्हणून पहिला आला. त्या यादीच्या अग्रभागी स्त्री दिग्दर्शकाचा चित्रपट येण्याची ती पहिली वेळ.

दोन्ही चित्रपट एका रात्री लागोपाठ पाहिले तेव्हा मला उमगले, की हे एकाच स्वयंपाकघराचे दोन ताळेबंद आहेत. मुलगी शिस्त मोडते आणि तेरा मिनिटांत फुटते. ज्यान शिस्त पाळते आणि तिला फुटायला तीन दिवस लागतात. आपल्याकडे मुलींना लहानपणापासून सांगितले जाते की कामाला वळण असले म्हणजे मन थाऱ्यावर राहते. ते खोटे नाही. वळण मनाला थाऱ्यावर ठेवतेच. पण ते मनातले दुःख बाहेर काढीत नाही, त्याला केवळ झाकण घालून ठेवते, आणि झाकण जितके घट्ट तितका घरातील लोकांचा समज पक्का होतो, की आत काही नाही.

वळणाचे हे मोल आकेरमनला कोठून कळले, ते तिच्या घराण्याच्या इतिहासात दिसते. तिचे आईबाप पोलंडहून आलेले ज्यू. आई आउशविट्झच्या छळछावणीतून जिवंत परतलेली. त्या छावणीविषयी आई घरात बोलत नसे. ज्या स्त्रीने माणसांचे होऊ नये ते हाल पाहिले, तिने पुढे ब्रसेल्समध्ये घर मांडले, मुली वाढविल्या, आणि रोजची कामे वेळच्या वेळी केली. ती कामे म्हणजे तिच्या मौनाची तटबंदी होती, असे आकेरमनचे सारे चित्रपट एकत्र पाहणाऱ्याला वाटल्यावाचून राहणार नाही. तिच्या ‘न्यूज फ्रॉम होम’मध्ये न्यूयॉर्कचे रस्ते दिसतात आणि ऐकू येतात ती आईची पत्रे, आणि शेवटच्या ‘नो होम मूव्ही’मध्ये म्हातारी आई आपल्या ब्रसेल्सच्या घरात, स्वयंपाकघरातील टेबलाशी बसून लेकीशी बोलते. अठराव्या वर्षी आकेरमनने ज्या स्वयंपाकघराचा स्फोट केला होता त्याच्याच दारात ती कॅमेरा घेऊन सावधपणे, प्रेमाने उभी राहिलेली दिसते. आई २०१४ मध्ये वारली. चित्रपट २०१५ मध्ये लोकांपुढे आला. त्याच वर्षी ऑक्टोबरात पॅरिसमध्ये आकेरमनने स्वतःचे जीवन संपविले. ती पासष्ट वर्षांची होती.

ती बातमी वाचल्यावर पुष्कळांनी ‘सोत मा व्हील’कडे भाकीत म्हणून पाहिले. मला ते मान्य नाही. मृत्यूच्या बाजूने आयुष्य वाचण्याची ती दप्तरी सवय मला नोकरीमुळे चांगली परिचित आहे, आणि ती किती अपुरी आहे हेही. त्या मुलीने पहिल्या चित्रपटानंतर जवळजवळ सत्तेचाळीस वर्षे काम केले, अनेक देशांत हिंडून नव्या रीतीने पाहायला जगाला शिकविले; तिचा शेवट तिच्या आजाराचा आणि शोकाचा भाग होता, तिच्या कलेचा निष्कर्ष नव्हे. पहिल्या चित्रपटात मृत्यूपेक्षा अधिक आहे तो बंडाचा आनंद. ती भांडी फेकताना तिच्या हातात जी मोकळीक आहे, तिची वाट माझ्या आईच्या पिढीने जन्मभर पाहिली आणि ती त्यांना मिळाली नाही.

माझी आई शेवटच्या आजारात माझ्याकडे होती. एके दुपारी मी तिच्याजवळ बसून तांदूळ निवडीत असता तिने एकाएकी विचारले, “तुम्ही पोरं मी गात असले की पळून का जात होता गं?” मी खरे ते सांगितले. ती थोडा वेळ गप्प राहिली आणि मग शांतपणे म्हणाली, “कळत होतं म्हणजे कोणालातरी.” या एका वाक्यात समाधान होते, तक्रार नव्हती. घरातल्या कोणालातरी कळत होते, एवढ्याने तिच्या त्या सगळ्या दुपारींना साक्षीदार मिळाला. आम्ही लहान होतो, काही करू शकत नव्हतो, ही गोष्ट वेगळी. पण ज्यांना करता आले असते ते सगळे गाणे ऐकत होते.

आता पंपाचा स्टोव्ह गेला, रॉकेलचे डबे गेले, ओट्यावर गॅस आणि भिंतीवर धूर ओढणारे यंत्र आले. जुनी दंडसंहिता जाऊन १ जुलै २०२४ पासून भारतीय न्याय संहिता लागू झाली, आणि ४९८ अ कलमातील मजकूर तिच्या ८५ व ८६ या कलमांत गेला. कलमांचे क्रमांक बदलले, तरी कायदा येतो तो अद्याप घटनेनंतरच, आणि त्याने तसेच यावे हे क्रमप्राप्त आहे. घटनेच्या आधीचा तास पाहणे हे सरकारदरबारचे काम नव्हे, ते घरातील माणसांचे काम आहे. माझ्या सुनेच्या स्वयंपाकघरात मी हाच नियम पाळते. ती कामात गुणगुणू लागली की मी तिच्या गळ्याचे कौतुक करीत नाही, उठून तिच्या शेजारी उभी राहते आणि विचारते, “काय राहिलंय? मला दे.” कधी ती हसून म्हणते, “आई, आज खरंच गाते आहे हो.” तसे असले तर दुधात साखर, पण विचारल्याने काही बिघडत नाही.

वाचकांना माझी एकच विनंती आहे. ‘सोत मा व्हील’ जरूर पाहावा. आकेरमनचे आरंभीचे चित्रपट आज सहज मिळतात आणि तेरा मिनिटे कोणालाही काढता येतील. त्यात कथानक शोधू नये, मुलीला दुःख कसले हे विचारू नये, तिचे हात पाहावेत. तो घरातील सर्वांनी, विशेषतः पुरुषांनी आणि वाढत्या मुलांनी, एकत्र बसून पाहावा. आणि त्याकरिता रात्रीच्या जेवणानंतरची वेळ ठरविणार असाल, तर आधी भांडी कोण घासणार हे ठरवावे, ती सगळ्यांनी मिळून घासावीत, आणि मगच चित्रपट सुरू करावा, म्हणजे घरातील एक माणूस तो पाहण्यावाचून राहणार नाही.